मालिका-सिनेमासाठी स्वतंत्र पटकथालेखन: नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी

मराठी मालिकेच्या किंवा सिनेमाच्या श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद अशा तीन ओळी स्वतंत्र येतात. या क्षेत्रात येऊ पाहणाऱ्याने आधी या तीन ओळी नीट समजून घ्याव्यात. ही तीन वेगळी कामं आहेत, त्यांचे पैसे वेगळे असतात आणि मालिकेत बहुतेक वेळा माणसंही वेगळी असतात. कथा लिहिणारा काय घडतं ते ठरवतो. पटकथाकार ते कोणत्या दृश्यात, कोणत्या क्रमाने, कुणाच्या डोळ्यांसमोर घडतं ते ठरवतो. संवादलेखक पात्रांच्या तोंडी भाषा देतो. "मला लेखक व्हायचंय" असं सांगत निर्मितिसंस्थेत गेलात, तर पहिला प्रश्न येतो, "यातलं काय करता?"

स्वतंत्र लेखकाला पगार नसतो. तो विकतो ते कागद: सारांश, टप्प्यांचा आराखडा, मसुदा, भाग. म्हणून कामाच्या प्रत्येक टप्प्यावर एक पूर्ण, तारीख घातलेला कागद तयार व्हायला हवा आणि त्याचा मोबदला वेगळा ठरायला हवा. नवे लेखक फसतात ते बहुतेक इथेच. चार महिने चर्चा होतात, वीस बदल तोंडी सांगितले जातात, लेखक घरी जाऊन ते करत राहतो आणि शेवटी त्याने नेमकं काय लिहून दिलं हे कुणालाच दाखवता येत नाही.

हात कुठे बसवायचा

पहिली दोन-तीन वर्षं लिहिलेलं माणसांच्या तोंडून ऐकायला मिळेल अशा जागी घालवा. महाराष्ट्रात अशी जागा म्हणजे एकांकिका. पुण्यातला पुरुषोत्तम करंडक, फिरोदिया करंडक, मुंबईतली सवाई या एकांकिका-स्पर्धांतून आलेले कितीतरी लेखक आज मालिका-सिनेमात आहेत. तिथे तासाभराच्या आत गोष्ट संपवावी लागते, नेपथ्याला मर्यादा असते आणि पडलेला विनोद तिथल्या तिथे कळतो. नंतर मालिका लिहिताना हीच शिस्त उपयोगी पडते. महाविद्यालय संपलं असेल तर आकाशवाणीच्या श्रुतिका (रेडिओवरची नाटकं) आणि दहा-बारा मिनिटांचे लघुपट आहेत. पूर्णवेळ शिक्षण घ्यायचं असेल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी चित्रपट-शिक्षण संस्थेत पटकथालेखनाचा अभ्यासक्रम आहे, तिथलेच छोटे अभ्यासक्रमही होतात. एनएफडीसीची (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाची) पटकथा कार्यशाळा हाताशी मसुदा असलेल्यांसाठी आहे. तिथे निवड झाली तर गोव्यात भरणाऱ्या फिल्म बाजार या चित्रपट-व्यवसाय मेळाव्यात निर्मात्यांसमोर बसण्याची संधी मिळते.

दाखवायला तीन गोष्टी हाताशी ठेवा: एक पूर्ण लघुपटाची पटकथा, एका लांब गोष्टीचा दोन पानी सारांश आणि संवादांसह लिहिलेली पाच-सहा सुटी दृश्यं. दृश्यं एकाच सुराची नकोत. एक भांडणाचं, एक गमतीचं आणि ज्यात दोन माणसं मनातलं बोलत नाहीत असं एक.

सिनेमाचे कागद, क्रमाने

सुरुवात एका वाक्याने करायची: कोण, त्याला काय हवंय आणि आड काय येतंय. हे वाक्य जमत नसेल तर गोष्ट अजून सापडलेली नाही, पुढे जाऊ नका. त्यानंतर एक-दोन पानांचा सारांश. त्यात शेवट सांगायचाच. उत्सुकता ताणून धरण्यासाठी शेवट लपवलेला सारांश निर्मात्याच्या काही कामाचा नसतो.

मग दृश्यांचा आराखडा, ज्याला सगळे "वन लाइन" म्हणतात. दोन तासांच्या सिनेमात साधारण साठ ते ऐंशी दृश्यं येतात. प्रत्येक दृश्यासाठी एक-दोन ओळी लिहा आणि दृश्य संपताना काय बदललं ते शेजारी नोंदवा. काहीच बदलत नसेल तर दृश्य काढा. पूर्ण मसुदा लिहून झाल्यावर दृश्य काढणं जिवावर येतं, वन लाइनमध्ये ते पाच मिनिटांचं काम असतं. मराठी मसुदे फार वेळा मध्यंतरानंतर ढेपाळतात. त्याचं मूळही इथेच असतं, कारण लेखकाने पूर्वार्धाची चाळीस दृश्यं मन लावून मांडलेली असतात आणि उत्तरार्ध "पुढे संघर्ष" या दोन शब्दांवर सोडलेला असतो. उत्तरार्धाची दृश्यं पूर्वार्धाइतक्याच तपशिलात मांडल्याशिवाय मसुद्याला हात लावू नका.

वन लाइननंतर बारा ते वीस पानांचं ट्रीटमेंट, म्हणजे सगळी गोष्ट दृश्यांच्या क्रमाने सलग सांगायची, संवादांशिवाय, वर्तमानकाळात. मग पहिला मसुदा. त्याला आठ ते दहा आठवडे धरा. पहिल्या मसुद्यानंतर किमान दोन आठवडे तो बाजूला ठेवा. दुसऱ्या मसुद्यात आधी रचना दुरुस्त करा, संवादांना शेवटी हात घाला. उलट केलंत तर सुंदर घासलेले संवाद वाचवण्यासाठी निरुपयोगी दृश्यं तशीच राहतात.

आता मांडणी. इंग्रजी पटकथेत कुरिअर अक्षरवळणात, बारा आकारात, एक पान म्हणजे अंदाजे एक मिनिट हा हिशेब चालतो. देवनागरीत तो चालत नाही, कारण अक्षरवळण बदललं की पानावरच्या ओळी बदलतात. दृश्य मोठ्याने वाचायचं, हालचालींना लागणारा वेळ त्यात धरायचा आणि घड्याळ लावायचं, हाच खात्रीचा मार्ग. काही पटकथालेखनाच्या सॉफ्टवेअरमध्ये देवनागरी जोडाक्षरं तुटतात, म्हणून आधी दोन पानांची पीडीएफ काढून फोनवर उघडून बघा. लेखन युनिकोडमध्येच करा. जुन्या श्री-लिपीसारख्या फाँटमधली फाइल समोरच्याकडे तो फाँट नसेल तर निरर्थक चिन्हांसारखी दिसते आणि तो तुम्हाला कळवेलच असं नाही.

दृश्याच्या मथळ्यात क्रमांक, स्थळ, आत की बाहेर, दिवस की रात्र एवढं हवंच: "दृश्य १२. कदमांचं घर, स्वयंपाकघर. आत. पहाट." एकाच जागेचं नाव सगळीकडे एकसारखं लिहा. एका दृश्यात "ओसरी", दुसऱ्यात "पडवी" असं लिहिलंत तर वेळापत्रक करणारा सहायक दिग्दर्शक त्या दोन जागा धरतो. मालिकांमध्ये अजूनही अनेक ठिकाणी दोन रकान्यांची जुनी पद्धत आहे, डावीकडे हालचाल आणि उजवीकडे संवाद. निर्मितिसंस्थेत कोणती चालते ते पहिल्याच दिवशी विचारा.

कथन करण्याआधी नोंदणी

आपल्याकडे पटकथा वाचली जाण्याआधी ऐकली जाते. निर्मात्याला, दिग्दर्शकाला, नटाला समोर बसून गोष्ट सांगायची, म्हणजे नॅरेशन. त्याच्या तयारीची पहिली पायरी नोंदणी आहे.

कायद्याने कॉपीराइट लिहिल्याक्षणी तुमचा होतो, नोंदणी सक्तीची नाही. नोंदणीने हाती येतो तो अमुक मजकूर अमुक तारखेला तुमच्याकडे होता याचा पुरावा. मुंबईत अंधेरीला कार्यालय असलेल्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं (पूर्वीचं नाव फिल्म रायटर्स असोसिएशन) सभासदत्व घेतलं की ही नोंदणी घरबसल्या ऑनलाइन करता येते. सरकारी कॉपीराइट कार्यालयातही नोंदणी होते, तिला वेळ अधिक लागतो. नोंदणी होते ती त्याच मजकुराची. नंतर तिसऱ्या मसुद्यात नवं पात्र आणि नवा शेवट आला असेल तर तो मसुदा पुन्हा नोंदवा.

कल्पनेवर मात्र हक्क नसतो. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या १९७८ सालच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं आहे: विषय, कल्पना, ऐतिहासिक घटना यांना कॉपीराइट नाही, तुम्ही केलेल्या मांडणीला आहे. "दुष्काळी गावातल्या मुलीची कुस्ती" ही कल्पना कुणीही वापरू शकतो. तिची पात्रं, घटनाक्रम आणि वळणं असलेला पंधरा पानांचा कागद तुमचा असतो. म्हणून फक्त कल्पना घेऊन फिरू नका, ती भरीव झाल्यावरच बाहेर काढा. सिनेमाच्या नावालाही कॉपीराइट नसतो. मराठी चित्रपटाच्या नावाची नोंद निर्माते अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळात करतात.

कादंबरी किंवा कथेवर लिहिणार असाल तर हक्क आधी, मसुदा नंतर. भारतात लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षं कॉपीराइट वारसांकडे राहतो आणि ही मोजणी निधनाच्या पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून होते. १९५० साली निधन झालेल्या लेखकाचं साहित्य १ जानेवारी २०११ पासून खुलं झालं. पण त्यावर कुणी केलेला अनुवाद किंवा नाट्यरूपांतर यांचे हक्क वेगळे असू शकतात, मूळ पुस्तकावरूनच काम करा.

कथन चाळीस-पंचेचाळीस मिनिटांचं बांधा. पात्रांची नावं एका दमात सांगू नका, सुरुवातीला दोन-तीन पुरे. संवाद फक्त मोक्याच्या ठिकाणी म्हणा. आणि घरी पोचण्याआधी ईमेल पाठवा: "आज दुपारी आपल्या कार्यालयात अमुक कथेचं कथन केलं. आपण सुचवलेल्या दोन मुद्द्यांवर विचार करतो. सोबत दोन पानी सारांश जोडला आहे." नम्र, तीन ओळींचा. पुढे वाद झालाच तर कथा समोरच्याला माहीत होती हे दाखवणारा कागद हाच. नोंदणी मजकूर सिद्ध करते, तो त्यांच्यापर्यंत पोचला होता हे ती सिद्ध करत नाही.

दैनंदिन मालिका

स्वतंत्र लेखकाचं घर बहुतेक वेळा मालिकेवर चालतं, म्हणून इथे थोडं थांबू.

अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वजा जाता सुमारे बावीस मिनिटं उरतात. आठवड्याला सहा भाग म्हटले तर १३२ मिनिटं, म्हणजे दर आठवड्याला एका सिनेमाहून जास्त. हे एका माणसाने कथा ते संवाद पेलणं अवघड असतं, म्हणून कामाची विभागणी होते. वाहिनी आणि निर्मितिसंस्था मिळून दोन-तीन महिन्यांचा ट्रॅक, म्हणजे कथानकाची दिशा, ठरवतात. त्यावरून आठवड्याची वन लाइन निघते, पटकथाकार भागनिहाय दृश्यं पाडतो, ती वाहिनीच्या मंजुरीला जातात, मग संवादलेखकाकडे येतात. गुरुवारी टीआरपीचे आकडे आले की ठरलेला ट्रॅक फिरू शकतो. हे गृहीत धरूनच कामाला लागा.

नव्या माणसाला प्रवेश बहुतेकदा संवादांतून मिळतो. चाचणीसाठी दोन-तीन दृश्यांची पटकथा देऊन त्यावर संवाद लिहायला सांगतात. तेवढं विनामोबदला करायला हरकत नाही. "आठवडाभराचे भाग लिहून बघू" म्हणाले तर ते काम आहे, त्याचे पैसे आधी ठरवा.

भाग लिहिताना सेटवरचं वास्तव कागदाला चिकटवून ठेवा. युनिट दिवसाला साधारण एका भागाइतकं चित्रीकरण करतं. भागात सात ते दहा दृश्यं, त्यांतली बहुतेक घराच्या उभ्या सेटवर. "भर बाजारात पावसात" असं एक वाक्य लिहिलं तर त्याचा खर्च आणि अर्धा दिवस कुणीतरी मोजणार असतो. अशी जागा गोष्टीला खरोखर हवी असेल तर आधी निर्मात्याशी बोला, मग लिहा. कोणता नट कोणत्या तारखांना नाही याची यादी दर आठवड्याला मागून घ्या. ब्रेकच्या आधीचं वाक्य आणि भागाचा शेवटचा क्षण सगळ्यात आधी ठरवा, मधली दृश्यं त्यांच्याकडे चढत न्या.

संवादांत नवखे दोन ठिकाणी घसरतात. पहिलं म्हणजे माहिती कोंबणं: "तुझे वडील, म्हणजे माझे थोरले भाऊ, दहा वर्षांपूर्वी गेले तेव्हा..." घरातली माणसं एकमेकांना माहीत असलेलं सांगत नाहीत. ती माहिती भांडणात, टोमण्यात किंवा तिसऱ्या माणसाच्या प्रश्नात आणा. दुसरं म्हणजे भाषेची सरमिसळ. मालिका कोल्हापूरची असेल तर पहिल्या दिवशीच बोलीची एक वही करा. कोण कुणाला अहो-जाहो करतं, सून सासूला "अहो आई" म्हणते की नुसतं "आई", दीर वहिनीशी कसं बोलतो, कोण "करतोय" म्हणतं आणि कोण "करायलाय", हे सगळं त्यात लिहा. मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी असेल तर त्या भागातल्या माणसाकडून पंधरा-वीस दृश्यं मोठ्याने वाचून घ्या. दोन संवादलेखक आळीपाळीने लिहितात तेव्हा ही वही नसेल, तर एकच आजी सोमवारी साताऱ्याची आणि मंगळवारी पुण्याची वाटते. आपल्या बोली टीव्हीवर विनोदापुरत्या उरू नयेत असं आम्हाला मनापासून वाटतं, आणि ते लेखकाच्या हातात असतं.

तब्येतीचा विचारही कामाचाच भाग आहे. तीन-चार भागांची बँक, म्हणजे आधीच लिहून ठेवलेल्या भागांचा साठा, हातात असल्याशिवाय दुसरी मालिका घेऊ नका. सेटवर पानं चित्रीकरणाच्या सकाळी पोचू लागली की आधी दर्जा जातो, मग झोप, आणि शेवटी काम.

करार वाचताना

करार इंग्रजीत येतो, पंधरा-वीस पानांचा. सही मागितली त्याच दिवशी सही करू नका. किमान ही कलमं शोधा.

काम काय? "पटकथा" एवढंच लिहिलेलं पुरेसं नाही. सारांश, वन लाइन, ट्रीटमेंट, दोन मसुदे आणि एक अखेरची सफाई अशी यादी हवी. त्यापुढचा प्रत्येक मसुदा वेगळ्या मोबदल्यात. ही ओळ नसेल तर सातवा मसुदाही त्याच पैशांत लिहावा लागतो.

पैसे केव्हा? सहीच्या वेळी काही रक्कम हातात यायलाच हवी, उरलेली एकेका कागदाच्या सुपूर्दीला जोडा. "मंजुरीनंतर" या शब्दाला मुदत घाला: पंधरा दिवसांत लेखी हरकत आली नाही तर मंजूर समजावं. मोठा हप्ता प्रदर्शनाला जोडलेला असेल तर नकार द्या. चित्रपट प्रदर्शित होणं लेखकाच्या हातात नसतं. मालिकेत लिहून दिलेला पण प्रक्षेपित न झालेला भागही मोजला जाईल असं लिहून घ्या, कारण ट्रॅक बदलला की आठवड्याचे भाग रद्द होतात.

श्रेय कसं? पडद्यावरचे नेमके शब्द, जागा आणि पोस्टरवर नाव येणार की नाही हे लिहा. "निर्मात्याच्या मर्जीनुसार" हे शब्द खोडायला सांगा.

हक्क किती काळ? कॉपीराइट कायद्यानुसार करारात मुदत लिहिलेली नसेल तर हस्तांतर पाच वर्षांचं आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर भारतापुरतं धरलं जातं. हक्क वर्षभर वापरले नाहीत तर ते परत येतात, करारात वेगळं म्हटलेलं नसेल तर. जवळपास प्रत्येक छापील करारात वेगळंच म्हटलेलं असतं. म्हणून तीन वर्षांत चित्रीकरण सुरू झालं नाही तर हक्क लेखकाकडे परत, असं कलम मागा. २०१२ सालच्या दुरुस्तीनंतर चित्रपटात वापरलेल्या साहित्याच्या लेखकाला चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातून मिळणाऱ्या रॉयल्टीचा समान वाटा सोडून देता येत नाही. करारात "सर्व रॉयल्टी सोडत आहे" असं छापलेलं असेल तर हा मुद्दा लेखी नोंदवा.

काढून टाकलं तर? तोवर दिलेल्या कागदांचे पूर्ण पैसे आणि लिहिलेल्या भागापुरतं श्रेय. मालिकेसाठी पंधरा ते तीस दिवसांची पूर्वसूचना दोन्ही बाजूंना.

लेखक संघटनेकडे तक्रार करणार नाही असं बंधन घालणारं कलम दिसलं तर तिथेच थांबा.

नव्या माणसाला यातलं सगळं मिळत नाही. कामाची यादी, श्रेय आणि सहीची रक्कम या तिन्हींवर मात्र अडून बसा. नम्रपणे मागितल्याने चांगलं काम सहसा हातचं जात नाही.

पैशांची व्यवस्था

मालिकेचे पैसे प्रक्षेपणानंतर साठ-नव्वद दिवसांनी येणं सर्रास आहे. म्हणजे जूनमध्ये लिहिलेल्या भागांवर ऑक्टोबरमध्ये घरभाडं निघतं. मुंबईत राहायला येण्याआधी किमान सहा महिन्यांचा खर्च बाजूला असू द्या. मधल्या काळात डबिंगचं मराठीकरण, उपशीर्षकं, पुरस्कार सोहळ्यांचं निवेदन ही कामं घ्यायला संकोच नको. डबिंगमध्ये ओठांच्या हालचालीत वाक्य बसवताना संवाद आखूड करायला हात लवकर शिकतो.

निर्माता व्यावसायिक मानधनातून दहा टक्के टीडीएस (पैसे देतानाच कापला जाणारा आयकर) कापतो, पॅन दिलेला नसेल तर वीस. तो आयकर विवरणपत्रात हिशेबाला येतो, त्यामुळे कापलेली रक्कम तुमच्या पॅनवर जमा दिसते का हे दर तिमाहीला तपासा. कापला पण भरलाच नाही, असं घडतं. वर्षाची जमा वीस लाखांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी लागते. बिलावर क्रमांक, तारीख, करारातला कोणता टप्पा, भागांचे क्रमांक, पॅन आणि बँकेचा तपशील लिहा. सूक्ष्म उद्योग म्हणून सरकारच्या 'उद्यम' पोर्टलवर नोंदणी करणं मोफत आहे. तशा नोंदणीकृत पुरवठादाराचे पैसे लेखी करार असला तरी ४५ दिवसांच्या पलीकडे लांबवता येत नाहीत, अशी कायद्यात तरतूद आहे.

पैसे अडकलेच तर क्रम असा ठेवा. मुदतीनंतर आठवड्याने ईमेलवर आठवण, बिल जोडून. पंधरा दिवसांनी दुसरी, त्यात नवा कागद देणं थांबवत असल्याचा स्पष्ट उल्लेख. तरी हालचाल नसेल तर स्क्रीनरायटर्स असोसिएशनच्या वाद निवारण समितीकडे तक्रार: सोबत करार, बिलं, पाठवलेल्या मसुद्यांचे ईमेल आणि प्रक्षेपित भागांची यादी. फोनवरचं बोलणं तिथे उपयोगाचं नसतं, म्हणून प्रत्येक महत्त्वाच्या फोननंतर "आपलं असं ठरलं" हे व्हॉट्सअ‍ॅपवर लिहून पाठवण्याची सवय आधीपासून लावा. समितीत प्रकरण चालू असलं तरी थकबाकीच्या दिवाणी दाव्याची मुदत साधारणपणे पैसे देय झाल्यापासून तीन वर्षांची असते. ती उलटण्याच्या किमान सहा महिने आधी वकिलाला कागद दाखवा.